ताई, मग तुम्ही कुठल्या? गोरेपणाचा इतिहास आणि बायोडाट्यातला एक रकाना

मागच्या महिन्यात वाटूरच्या विहारात पोरांचं एक दिवसाचं शिबिर घेतलं. दहावी-बारावीची, काही आयटीआय करणारी अशी पंचवीस-तीस पोरं-पोरी होती. जेवण झाल्यावर प्रश्न विचारायला सांगितलं, तर मागच्या रांगेतला एक पोरगा उभा राहिला. मोबाइलवर भाषणं ऐकणारा, तयारीचा पोरगा. म्हणाला, "ताई, बामन युरेशियातून आले म्हणून गोरे. आपण इथले मूलनिवासी म्हणून काळे. डीएनएत सिद्ध झालंय. मग तुम्ही एवढ्या गोऱ्या कशा? तुम्ही कुठल्या?"

सगळे हसले. मीही हसले. "मी वाटूरचीच, फाट्यावरून आत," असं म्हणून वेळ मारून नेली. पण त्या पोरानं माझ्या आयुष्यातला सगळ्यात जुना प्रश्न विचारला होता, फक्त उलट्या बाजूनं. आजवर हा प्रश्न मला गावातले, शाळेतले, कचेरीतले सवर्ण विचारत आले. "तुम्ही त्यांच्यातल्या वाटत नाही हो." आता माझ्याच विहारात, बाबासाहेबांच्या फोटोखाली, माझ्याच वस्तीतलं लेकरू तेच विचारत होतं. दोघांच्या डोक्यात गणित एकच: रंग पाहिला की माणूस कुठला ते कळतं. त्या दिवशी उत्तर दिलं नाही, म्हणून हा लेख.

आम्ही दोघी बहिणी. मी आजीवर गेले, धाकटी बाबांवर. बाबा कापसाच्या रानात आणि ऊसतोडीवर राबलेले, पण उन्हानं काळे झालेले नव्हेत. मुळातच काळे, तुकतुकीत. आमच्याकडं पाव्हण्याबायका आल्या की मला मांडीवर घ्यायच्या आणि धाकटीला म्हणायच्या, "हिला हळद लाव गं, उजळंल." वाटूर फाट्यावर जालन्याच्या गाडीची वाट पाहत उभं राहिलं की अनोळखी म्हातारी मला विचारायची, "कोण्या वाड्यातली गं तू?" धाकटीला कुणी कधी वाडा विचारला नाही. शाळेत पाहुणे आले की स्वागतगीताला मी पहिल्या रांगेत. गळा धाकटीचा चांगला. ती पडद्याच्या बाजूला उभी राहून गायची आणि पुढं मी तोंड हलवायची. तेव्हा मला हे खटकत नव्हतं. कशाला खटकेल? मला तर मिळतच होतं.

एम.ए.ला असताना शहरात खोली शोधली. माझं आडनाव मराठ्यांतही सापडतं आणि आपल्यातही. घरमालकीणबाईंनी आडनाव ऐकलं, तोंड पाहिलं आणि पुढचं काही विचारलंच नाही. सणाला ताट पाठवायच्या, मला "आमच्या घरातलीच" म्हणायच्या. मी सांगितलं नाही. सात महिने सांगितलं नाही. बाबासाहेबांचा फोटो पेटीत, कपड्यांच्या खाली. १४ एप्रिलला पांढरी साडी नेसून निघाले, तर जिन्यात गाठ पडली. "कुठं निघालीस एवढी नटून?" मी म्हणाले, "जयंतीला." पुढच्या एक तारखेला खोली रिकामी. पुतण्या येणार आहे, असं कारण सांगितलं.

त्या दोन आठवड्यांत माझा रंग काही बदलला नव्हता. रंगानं दार उघडलं आणि जातीनं ते लावून घेतलं. बाबूराव बागुलांच्या १९६३ सालच्या कथासंग्रहाचं नाव 'जेव्हा मी जात चोरली होती' असं आहे. अमेरिकेत उजळ कातडीचे काळे लोक गोऱ्यांत मिसळून जायचे, आईबापाची ओळख कायमची टाकायचे. त्याला तिकडं 'पासिंग' म्हणतात. दोन्हींत चोरी म्हटली जाते ती आपली. दाराला कुलूप कुणी घातलं, हे कुणी विचारत नाही.

आता गोऱ्या वंशाकडं येऊ. कारण आपली पोरं ज्या 'वंश' शब्दावर एवढा भरवसा ठेवतात, तो कुठून आला ते बघितलं पाहिजे.

१६१९ साली आफ्रिकेतून पकडलेली वीसेक माणसं अमेरिकेतल्या व्हर्जिनियाच्या किनाऱ्यावर विकायला आणली गेली. तेव्हा तिथं तंबाखूच्या मळ्यात राबणारे बहुतेक मजूर इंग्लंडहून आलेले गरीब होते. जहाजाच्या भाड्याच्या बदल्यात चार-सात वर्षं मालकाकडं बांधलेले. आपल्या भाषेत सालगडीच म्हणा, फक्त साल लांब. हे सालगडी आणि आफ्रिकेतून आणलेले लोक एकाच मळ्यात राबायचे, बरोबर पळून जायचे, त्यांच्यात लग्नंही व्हायची. १६७६ साली बेकनचं बंड झालं. ते बंड काही पवित्र नव्हतं, त्याची सुरुवातच मूळ रहिवाशांना हुसकावण्यातून झाली. पण त्यात दोन्ही रंगांचे राबणारे हत्यारं घेऊन एकत्र उतरले आणि त्यांनी जेम्सटाउन ही राजधानी जाळली. मळेवाल्यांच्या पोटात गोळा आला.

त्यानंतरचे कायदे वाचण्यासारखे आहेत. १६९१ च्या व्हर्जिनियाच्या कायद्यानं गोऱ्या माणसानं काळ्याशी, मिश्र रक्ताच्या माणसाशी किंवा मूळ रहिवाशाशी लग्न केलं तर त्याला वसाहतीतून हाकलायचं ठरलं. त्यात 'इंग्लिश किंवा अन्य गोरे' असा शब्दप्रयोग आला. १७०५ च्या कायद्यानं ठरवलं की गोऱ्या ख्रिस्ती नोकराला न्यायाधीशाच्या हुकुमाशिवाय उघडं करून चाबकानं मारायचं नाही. मुदत संपली की गोऱ्या गड्याला मका, थोडे रोख पैसे आणि एक बंदूक द्यायची. काळ्याला यातलं काही नाही, तो आणि त्याची लेकरं कायमची मालमत्ता. त्याआधी, १६६२ सालीच, लेकराची गुलामी आईवरून ठरेल असा कायदा झाला होता, म्हणजे मालकानं गुलाम बाईवर केलेल्या अत्याचारातून जन्मलेलं मूलही मालकाचंच धन.

बघा, काय दिलं त्या गरीब गोऱ्याला? जमीन दिली नाही. सत्ता दिली नाही. 'तू तो नाहीस' एवढंच दिलं. डब्ल्यू. ई. बी. डुबॉय यांनी १९३५ च्या आपल्या पुस्तकात याला एक प्रकारची मजुरी म्हटलं आहे. खिशात पडत नाही, पण चारचौघांत मानाच्या रूपानं आणि मनाला समाधान म्हणून मिळते ती. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला अमेरिका दिसली नाही, आमचं गाव दिसलं. दीड एकर कोरडवाहू, डोक्यावर कर्ज, बायको दुसऱ्याच्या रानात कापूस वेचायला जाते, आणि तरी तो माणूस आपल्या वस्तीतल्या शिकलेल्या पोराला अरे-तुरे करतो. त्याला कुणीतरी मजुरी देतंय. आणि थोडं पुढं वाचल्यावर स्वागतगीताची पहिली रांग आठवली. मलाही मिळत होती.

विज्ञान मागाहून आलं. जर्मनीतल्या ब्लूमेनबाख या शास्त्रज्ञानं १७९५ साली युरोपातल्या लोकांना 'कॉकेशियन' हे नाव दिलं. कारण काय, तर त्याच्याकडं कॉकेशस भागातल्या जॉर्जियातल्या एका बाईची कवटी होती आणि ती त्याला सगळ्यांत सुंदर वाटली. एवढ्यावर एक वंश उभा राहिला. ब्लूमेनबाख स्वतः सगळी माणसं एकाच जातीची मानत होता, हेही सांगायला हवं. पण त्याचं नाव ज्यांनी उचललं त्यांना ते नको होतं. अमेरिकेनं १७९० सालीच कायदा केला होता की बाहेरून आलेल्यांपैकी नागरिकत्व मिळेल ते फक्त 'मुक्त गोऱ्या' माणसालाच.

आणि इथं आपल्याकडची माणसं या गोष्टीत शिरतात.

भगतसिंग थिंद हे अमृतसर भागातले शीख. अमेरिकेच्या फौजेत नोकरी केलेले. त्यांनी नागरिकत्व मागितलं. खटला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेला. त्यांच्या बाजूनं म्हणणं काय मांडलं गेलं? की हे उच्चवर्णीय हिंदू आहेत, शुद्ध आर्य रक्ताचे, म्हणजे कॉकेशियन, म्हणजे गोरे. एवढंच नाही. आमच्याकडं उच्चवर्णीय माणूस इथल्या मूळच्या लोकांकडं, लग्नाच्या बाबतीत, तसाच बघतो जसा अमेरिकन माणूस निग्रोकडं बघतो, असंही त्या निवेदनात होतं. म्हणजे आम्हीही तुमच्यासारखेच अस्पृश्यता पाळतो, आम्हाला आत घ्या! त्यांचे वकील होते सखाराम गणेश पंडित. ते नाव वाचून मी पुस्तक खाली ठेवलं. सखाराम, गणेश, पंडित. आपल्याकडच्या कुठल्याही वाड्याच्या पाटीवर शोभेल असं नाव.

१९ फेब्रुवारी १९२३ ला निकाल लागला. तीनच महिने आधी याच न्यायालयानं ओझावा नावाच्या जपानी माणसाला सांगितलं होतं की तुझी कातडी कितीही उजळ असली तरी गोरा म्हणजे कॉकेशियन, आणि तू कॉकेशियन नाहीस. थिंद यांना सांगितलं की शास्त्र तुला कॉकेशियन म्हणत असेल, पण सामान्य माणूस ज्याला गोरा म्हणतो तो तू नाहीस. दोन्ही निकाल लिहिणारे न्यायमूर्ती एकच, सदरलँड. कातडी दाखवली तर शास्त्र पुढं करायचं आणि शास्त्र दाखवलं तर कातडी. त्यानंतर कितीतरी भारतीयांचं मिळालेलं नागरिकत्व काढून घेण्यात आलं. पंडित स्वतः मात्र १९२६ साली आपला खटला जिंकले. इतकी वर्षं सरकारनंच नागरिक मानल्यावर आता मागं फिरता येणार नाही, या कायदेशीर मुद्द्यावर.

मला थिंद यांची कीवही येते. परक्या मुलखात हक्क मागणारा माणूस तो. पण दुसऱ्याच्या पंगतीत बसायला त्यांच्या बाजूनं कोणाची मान पुढं केली गेली? ज्याचं नावही त्या न्यायालयात नव्हतं त्याची.

हे काही एकट्यादुकट्याचं खूळ नव्हतं. इंग्रज राज्य करतात, आणि इंग्रजही आर्य, आम्हीही आर्य, मग आम्ही त्यांचे भाऊच, ही हौस इथल्या शिकलेल्या वर्गाला भारी होती. टिळकांनी १९०३ साली वेदकालीन आर्यांचं घर उत्तर ध्रुवाजवळ नेऊन ठेवलं. त्याच काळात रिस्ले हा इंग्रज अधिकारी लोकांची नाकं मोजत होता. नाकाची रुंदी भागिले उंची, गुणिले शंभर. सत्तरच्या खाली आलं तर बारीक नाक, पंच्याऐंशीच्या वर गेलं तर बसकं. नाक जितकं बारीक तितकी जात वरची, असा त्याचा सिद्धांत. हाच माणूस १९०१ च्या जनगणनेचा आयुक्त होता.

आणि या वंशशास्त्राची झळ थेट आपल्या आजोबा-पणजोबांना लागली. कंपनी सरकारच्या मुंबई फौजेत महार पिढ्यानपिढ्या होते. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी 'लढाऊ जमाती' नावाचं शास्त्र निघालं. अमुक वंश लढाऊ, अमुक नाही. आणि १८९० नंतर महारांची भरती बंद झाली. कोरेगावच्या खांबावर ज्यांची नावं कोरली आहेत, त्यांच्या नातवंडांना तुम्ही लढाऊ नाही म्हणून सांगण्यात आलं! गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये अर्ज केला, शिवराम जानबा कांबळे यांनी १९१० मध्ये केला. पगार, पेन्शन, पलटणीच्या शाळेतलं शिक्षण, सगळं त्या एका शब्दावर गेलं. वंश ही पुस्तकातली गोष्ट आहे असं ज्यांना वाटतं त्यांनी हा हिशोब करून पाहावा.

एक अपवाद इथं सांगितल्याशिवाय पुढं जाववत नाही. इरावती कर्वे १९२७ ते १९३० या काळात बर्लिनला शिकायला होत्या. त्यांचे मार्गदर्शक ऑयगेन फिशर. मिश्र वंशाच्या लोकांवर आफ्रिकेत अभ्यास केलेले, पुढं नाझींच्या कामी आलेले. फिशर यांचं म्हणणं असं की युरोपियन माणसाच्या कवटीची ठेवण त्याची बुद्धी वरचढ असल्याचं दाखवते. इरावतीबाईंना कवट्या मोजायला दिल्या. त्यांतल्या काही जर्मनांच्या आफ्रिकेतल्या वसाहतींतून आणलेल्या. बाईंनी मोजल्या आणि लिहून दिलं की कवटीच्या त्या डाव्या-उजव्या फरकाचा वंशाशी संबंध दिसत नाही. पुण्याच्या कर्व्यांची ब्राह्मण सून, एकटी, परक्या देशात, गुरूच्या तोंडावर हे म्हणते. त्यांच्या पुढच्या लिखाणातल्या अनेक गोष्टी मला पटत नाहीत. पण ही एक गोष्ट मी पोरींना आवर्जून सांगते.

आता आपल्या घरात येऊ. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' लिहिली आणि ती अमेरिकेतल्या गुलामगिरी मोडणाऱ्या लोकांना अर्पण केली. ब्राह्मण ज्या आर्यपणावर फुशारक्या मारत होते, तो जोतीरावांनी त्यांच्यावरच उलटवला. तुम्ही बाहेरचे ना? मग आमच्या बळीचं राज्य बळकावलेले तुम्ही. शत्रूच्या हातातलं हत्यार हिसकावून घेणं होतं ते. त्या काळात त्यानं कोट्यवधी माणसांना ताठ उभं केलं. हे कुणी विसरू नये.

पण जोतीरावांना गुरू मानणाऱ्या बाबासाहेबांनी ते हत्यार उचललं नाही, हेही विसरू नये. ९ मे १९१६ ला, पंचविशीत, कोलंबियात वाचलेल्या जातीवरच्या निबंधात ते म्हणतात की युरोपातल्या अभ्यासकांच्या डोक्यातच रंगाचा पूर्वग्रह भरलेला, म्हणून त्यांना जातीच्या मुळाशीही रंगच दिसला. या मुद्द्यावर त्यांनी ज्ञानकोशकार केतकरांचं मत बरोबर ठरवलं आहे, आपल्याला ते आवडो न आवडो. मग जातीचं मूळ कशात? अंतर्विवाहात. लग्न कोणाशी लावायचं, या बंधनात. १९३६ च्या न झालेल्या लाहोरच्या भाषणात त्यांनी विचारलं की पंजाबातला ब्राह्मण आणि मद्रासेतला ब्राह्मण यांचा वंश एक कसा? आणि पंजाबातला ब्राह्मण आणि तिथलाच अस्पृश्य यांचा वेगळा कसा? १९४६ च्या शूद्रांवरच्या ग्रंथात, जो जोतीरावांनाच अर्पण केला आहे, त्यांनी ऋग्वेद उकलून दाखवला. 'अनास' या एका शब्दावर पाश्चात्त्यांनी अनार्यांचं बसकं नाक उभं केलं. बाबासाहेब सायणाचार्यांचा अर्थ पुढं ठेवतात: नाक नसलेले नव्हे, तोंड नसलेले, म्हणजे ज्यांची बोली समजत नाही ते. कण्व ऋषी काळा होता, हेही ते वेदातूनच दाखवतात. दोन वर्षांनी अस्पृश्यांवरच्या ग्रंथात तर त्यांनी नाकाची मापंच घेतली, घुर्ये यांनी छापलेली, आणि ती मापं खरी मानली तर ब्राह्मण आणि अस्पृश्य एकाच वंशाचे ठरतात, असा निष्कर्ष काढला. रिस्लेचं माप, रिस्लेच्या विरुद्ध.

"मग डीएनए?" त्या पोराचा प्रश्न उरतोच. उत्तर टाळायचं नाही. गेल्या काही वर्षांतलं जनुकशास्त्र सांगतं की गवताळ मैदानांच्या प्रदेशातून काही लोक इथं आले, आणि त्यांचा अंश साधारणपणे वरच्या म्हणवल्या जाणाऱ्या जातींत जास्त सापडतो. इथं बाबासाहेबांच्या ग्रंथाहून शास्त्र वेगळं बोलतं, आणि ते मान्य करायला आपल्याला अडचण नसावी. आपण पोथीनिष्ठ नाही. पण तेच शास्त्र दुसरं काय सांगतं? २०१३ साली छापून आलेल्या अभ्यासानुसार साधारण ४२०० ते १९०० वर्षांपूर्वीपर्यंत इथले सगळे लोक एकमेकांत मिसळत होते. अंश सगळ्यांत आहे. कमी-जास्त आहे. शुद्ध कुणी नाही, तेही नाहीत आणि आपणही नाही. आणि मग ते मिसळणं थांबलं. म्हणजे लग्नाची दारं लावली गेली. १९१६ साली बाबासाहेबांनी बोट ठेवलं होतं तिथंच रक्ताची तपासणी येऊन थांबते. माणसं कुठून आली, याचं उत्तर स्थलांतर असेल. जात कुठून आली, याचं उत्तर ते नाही.

रंगावरून माणूस कुठला ते ओळखायचं ठरवलं तर आमच्या एका घरात दोन देश निघतील. धाकटी मूलनिवासी आणि मी परकी? आणि कोकणातला काळा ब्राह्मण आपला? ज्या गणितानं थिंद यांच्या वतीनं गोरेपण मागितलं गेलं, त्याच गणितानं आपण काळेपण मागतोय. आकडे बदलले, गणित तेच.

पण याच्या दुसऱ्या टोकालाही खड्डा आहे. २००१ साली दरबानच्या वंशवादविरोधी जागतिक परिषदेत दलित संघटनांनी जातीचा प्रश्न मांडायचं ठरवलं, तेव्हा भारत सरकारनं काय सांगितलं? जात म्हणजे वंश नव्हे, सबब इथं चर्चा नको. बाबासाहेबांचं वाक्य, पण तोंड झाकायला वापरलेलं! संयुक्त राष्ट्रांच्या १९६५ च्या करारात रंग आणि वंशाबरोबर 'जन्मपरंपरा' हाही शब्द आहे, आणि तो भारताच्याच सूचनेवरून आलेला. १९४६ साली बाबासाहेबांनी डुबॉय यांना पत्र लिहून निग्रोंनी संयुक्त राष्ट्रांकडं केलेल्या अर्जाच्या प्रती मागवल्या होत्या. १९७२ साली मुंबईत पोरांनी दलित पँथर हे नाव घेतलं तेही अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून. आपलं रक्त त्यांच्याशी एक आहे असं काही त्यांना वाटत नव्हतं. मालकाची युक्ती एक आहे, एवढं त्यांना कळत होतं.

आता जे सांगायला सगळ्यात जड जातं ते.

धाकटी नर्स आहे. तिच्यासाठी स्थळं बघत होतो. आपल्याच बौद्ध वधू-वर मेळाव्याचा फॉर्म आला. नाव, शिक्षण, उंची, नोकरी, आणि मग रकाना: 'वर्ण'. खाली कंसात पर्याय: गोरा, निमगोरा, गव्हाळ, सावळा. काळा हा पर्यायच नव्हता. आपण ज्यांनी मनुस्मृती जाळली त्यांच्या फॉर्मवर हा शब्द छापलेला, आणि कुणाला वावगं वाटलं नाही. मलाही नाही. समाजशास्त्रात एम.ए. केलेल्या, डुबॉय वाचलेल्या मी, धाकटीचा फॉर्म भरताना त्या रकान्यात 'निमगोरा' लिहिलं. तिच्या भल्यासाठी. तिनं वाचलं आणि विचारलं, "हा फॉर्म कोणाचाय?" मी म्हणाले, "असंच लिहितात गं सगळे." ती काही बोलली नाही.

एक घर आलं. घरातला माणूस चळवळीतला, दारात निळा झेंडा, विचारानं पक्का. चहा झाला, गप्पा झाल्या. दोन दिवसांनी मध्यस्थाचा फोन. पोरगी गुणाची आहे, पण आमचा पोरगाही सावळाच, दोघं सारखेच झाले तर लेकरं कशी निघतील? आणि मग थोडं थांबून, "थोरलीचं अजून कुठं जमलं नाही का?"

फोन स्पीकरवर होता. धाकटी वांगी चिरत होती. म्हणाली, "जा की. तुला बोलावलंय." आणि ड्यूटीला निघून गेली. त्या रात्री मला कळलं की पडद्याच्या बाजूला उभी राहून ती इतकी वर्षं काय ऐकत होती.

यंदा मी त्या मेळाव्याच्या समितीत आहे. पहिल्याच बैठकीत म्हटलं, हा रकाना काढा. एक ज्येष्ठ कार्यकर्ते समजावणीच्या सुरात म्हणाले, "ताई, वर्ण म्हणजे इथं रंग हो, चातुर्वर्ण्य नव्हे." दुसरे म्हणाले, "काढला तर लोक फोन करून विचारतील, आपलंच काम वाढंल." फोटो लावतोच ना, मग रंग दिसतोच, लिहायचा कशाला, असं एका तरुण पोरीनं विचारलं, तर तिला कुणी उत्तर दिलं नाही. एकानं हळूच माझ्याकडं बघून म्हटलं, "तुम्हाला काय त्रास आहे ताई, तुम्ही तर गोऱ्याच आहात." बैठक पुढच्या रविवारवर गेली. फॉर्म अजून छापायला दिलेले नाहीत.

धाकटीनं मात्र जुन्या फॉर्मची झेरॉक्स काढून आपला आपण भरला आणि माझ्या हातात दिला. बाकी सगळं तेच. वर्णाच्या रकान्यातले छापलेले चारही पर्याय तिनं एका रेघेनं खोडले आहेत आणि शेजारी तिच्या गोल अक्षरात लिहिलं आहे: काळा, बाबांसारखा. रविवारच्या बैठकीला मी तो सोबत घेऊन जाणार आहे.